वाट लावण्याचे दोन अर्थ

९ जानेवारी १९९९, सकाळी साडेसहा. सांबा भाताची, म्हणजे हिवाळी पिकाची, कापणी सुरू झाली आहे. तंजावूरहून तिरुवैयारूकडे जाणाऱ्या रस्त्याच्या अर्ध्या रुंदीत भात वाळत पसरले आहे आणि उरलेल्या अर्ध्यातून गावाची बस भोंगा वाजवीत, जणू रस्त्याने तिच्यावर उपकार केले आहेत अशा बेताने, जात आहे. कालव्याच्या बांधावरून अम्मा माझ्यापुढे चालते आहे. अंगावर सुती साडी, पायांत पांढरे कॅनव्हासचे बूट. वेग बरा आहे. श्वास लागलेला दिसत नाही. मध्येच ती थांबते, पाण्यातल्या बगळ्याकडे पाहते, आणि मी तिच्या पाठीचे निरीक्षण करते: बगळा खरोखर पाहण्यासारखा आहे, की हे थांबण्याचे निमित्त आहे?

दोन वर्षांपूर्वी, अशाच कापणीच्या दिवसांत, आम्ही दोघी सह्याद्रीतल्या एका डोंगरात चार दिवस होतो. तेव्हापासून अम्माच्या कोणत्याही थांबण्यावर माझा विश्वास नाही.

ताज्या पेंढ्याचा वास आला की मला तो डोंगर आठवतो. आम्ही जिथे राहिलो त्या घराच्या माळ्यावर पेंढा रचलेला होता. खाली चूल, वर पेंढा, आणि मधल्या फळ्यांतून धूर आपली वाट शोधीत जाई. आगीच्या इतक्या जवळ इतके इंधन साठवणाऱ्या कुटुंबाच्या विवेकावर मी पहिल्याच संध्याकाळी संशय घेतला. धुरामुळे पेंढ्याला कीड लागत नाही, असे मला सांगण्यात आले. उत्तर पटण्यासारखे होते. म्हणूनच मी माझी पथारी दाराजवळ हलवली.

आमच्या मुलखाला चढ ठाऊक नाही. कावेरीच्या या तिकोनी प्रदेशात उंची म्हणजे गोपुर आणि चढ म्हणजे कालव्याचा बांध. पाणीसुद्धा इथे वाहते की उभे आहे, हे ठरवायला पान टाकून पाहावे लागते. अशा ठिकाणी आमची माणसे कित्येक पिढ्यांपूर्वी घोड्यांवरून आली, राहिली, जमिनी कसू लागली, तमिळमध्ये भांडू लागली. आणि तरी प्रत्येक लग्नात, अक्षता पडण्याआधी, एका डोंगरावरच्या देवीचे नाव घेत राहिली. ती देवी कशी दिसते हे कोणालाच माहीत नव्हते. अप्पा दर वर्षी म्हणायचे, पोंगल झाला की जाऊ. पोंगल पुष्कळ झाले. मग एका वर्षी अप्पा नव्हते.

मी त्या वेळी पुण्यात वनस्पतिशास्त्रात संशोधन करीत होते आणि उन्हाळ्यानंतर परदेशातल्या एका प्रयोगशाळेत रुजू होणार होते. अम्माने फोनवर एवढेच विचारले, “तू गेल्यावर मला तिथे कोण नेईल गे?” देवीच्या डोंगरापर्यंत मोटारीचा रस्ता नव्हता. होते ते एक पत्रक. नव्या आर्थिक धोरणाने देश उघडला असे त्या वर्षांत सगळे म्हणत; माझ्या पाहण्यात उघडलेल्या देशातून सर्वांत आधी पत्रके बाहेर पडली. त्यांपैकी हे एक. पुण्यातल्या दोघा अभियंत्यांनी नोकऱ्या सोडून काढलेल्या सहल-संस्थेचे: मार्गदर्शकासह त्याच देवीपर्यंत चार दिवसांची डोंगरभ्रमंती, गावातल्या घरांत मुक्काम, घरगुती जेवण. ‘घरगुती’ हा शब्द छापून सांगावा लागतो तेव्हा घर आणि जेवण या दोहोंविषयी शंका घ्यावी, असा माझा नियम आहे.

तंजावूरच्या आमच्या डॉक्टरांनी अम्माला तपासले. रक्तदाब होता, पण गोळ्यांनी आटोक्यात होता. त्यांनी आपले जुने यंत्र मला दिले, पट्टा कसा बांधायचा ते दोनदा करून दाखवले आणि एकच अट घातली: ठोका ऐकू येईनासा होतो तो खालचा आकडा, तो शंभराच्या वर गेला तर चढायचे नाही, परत फिरायचे. अम्मा शांतपणे ऐकत होती. बाहेर आल्यावर म्हणाली, “देवीला भेटायचं का नाही ते आता हा रबराचा फुगा सांगणार.”

इथे भाषेविषयी सांगणे भाग आहे, कारण पुढचा सगळा घोटाळा तिच्यातून झाला. मराठी माझी मातृभाषा. पण ती लिहायला-वाचायला मी शिकले चोविसाव्या वर्षी, पुण्यात. तोवर मराठी ही स्वयंपाकघरात आणि देवघरात बोलायची गोष्ट होती, अर्धी तमिळच्या चालीवर. आमच्या घरी संध्याकाळी पाहुणे उठले की अम्मा हाक मारी, “वसंती, मामींची वाट लावून ये.” मी उठे, मामींच्या हातातली पिशवी घेई, गल्लीच्या कोपऱ्यापर्यंत त्यांच्याबरोबर जाई, त्या दिसेनाशा झाल्या की परत येई. वाट लावणे म्हणजे वाटेला लावून देणे. लहानपणापासून शेकडो माणसांची मी वाट लावली.

पुण्यात, प्रयोगशाळेतल्या पहिल्याच महिन्यात, बाहेरगावचे एक ज्येष्ठ प्राध्यापक व्याख्यान देऊन, माझ्या डझनभर प्रश्नांना तोंड देऊन निघाले तेव्हा मी तत्परतेने उभी राहिले आणि सगळ्यांसमोर म्हणाले, “थांबा, सरांची वाट लावून येते.”

“अगं, व्याख्यानात लावलीस तेवढी पुरे!” मागून कोणीतरी म्हणाले, आणि वर्गभर हसू पसरले. सर मात्र थबकले. ते माझ्याकडे ज्या नजरेने पाहत होते तिचा अर्थ मला दुपारी चहाच्या वेळी समजावून सांगण्यात आला. वाट लावणे म्हणजे सत्यानाश करणे. मी शब्द तपासला, चार जणांना विचारले, चौघांचे एकमत झाले. निष्कर्ष स्पष्ट होता: घरचा अर्थ कालबाह्य, नवा अर्थ ग्राह्य. मी दुरुस्ती करून घेतली आणि ती इतकी पक्की केली की पुढे घरी अम्माने तो शब्द वापरला तरी माझ्या अंगावर काटा येई.

डोंगरात आमच्या वाटाड्याचे नाव बबन होते. वय चाळीसच्या आसपास, डोक्याला मफलर, आवाज मोठा, आणि प्रत्येक वाटेचे वर्णन एकच: “सपाटच हाय, मॅडम.” पहिल्या सपाटीवर मी दोनदा हातांचा आधार घेतला. वाळलेले गवत पायाखालून सरकत होते. करवंदीच्या काट्यांनी अम्माच्या पदराचे तीन धागे ठेवून घेतले. “हे सपाट?” मी विचारले. “म्हंजे पुढचं सपाट,” बबन म्हणाला. आमच्या गटात आणखी चार जण होते, बँकेत काम करणारी दोन जोडपी. ती फोटो काढण्यात गुंतलेली असत आणि बबनच्या प्रत्येक वाक्यावर खूश होत.

बबनने आमचे आडनाव ऐकले आणि छातीवर हात ठेवला. “अवो, तुमी तर इथलेच! खालच्या आळीत तुमच्याच भावकीचा चौथरा हाय.” अम्माचे डोळे भरून आले. मी दुसऱ्या दिवशी, चालता चालता, सहज म्हणून, माझ्या एका बंगाली मैत्रिणीचे आडनाव घेतले: या नावाचेही कोणी इकडून गेले असतील का? बबनने क्षणभरही विचार केला नाही. “ते? ते तर वरच्या आळीतले!”

मी हे अम्माला सांगितले. ती म्हणाली, “पो गे, काहीतरीच. दोन आळ्या असतील.”

मुक्कामाचे घर हौसाबाईंचे. पन्नाशीच्या, उंच, विड्याने रंगलेले ओठ, आणि पाहुण्यांकडे पाहण्याची नजर बाजारात गाय पारखणाऱ्याची. पहिल्या घटकेतच त्या आणि अम्मा एकमेकींना अक्का म्हणू लागल्या. हा शब्द दोन्ही भाषांत चालत असल्यामुळे त्यात नेमकी मोठी कोण, हे कोणालाच ठरवावे लागले नाही. अम्माने पिशवीतून आणलेली चिंच काढून आमटी करून दाखवली. हौसाबाईंनी नाचणीची भाकरी थापून दाखवली. अम्माची भाकरी तव्यावर पोचण्याआधीच तिचे दोन देश झाले. “ऱ्हाऊ द्या, अक्का,” हौसाबाई म्हणाल्या, “तुमचं बोलनं माझ्या आजीसारखं हाय, पर हात दुसऱ्या कुनाचा हाय.”

मी मोजत होते. निघताना तंजावूरला खालचा आकडा शहाऐंशी होता. डोंगरातल्या पहिल्या सकाळी नव्वद. दुसऱ्या सकाळी सत्त्याण्णव. चढती रेषा दिसली की शास्त्र शिकलेले मन कारण मागते, आणि कारणे समोर रांगेने उभी होती. उंची? इतक्या कमी उंचीने एवढा फरक पडत नाही. थंडी? थोडा. मीठ? हौसाबाईंची लसणीची चटणी मी जिभेवर ठेवून पाहिली आणि तिला संशयितांत पहिले स्थान दिले. पट्टा सैल? बदलून पाहिला. गोळ्या अम्मा रोज सकाळी घेत होती. डबी माझ्यासमोर उघडे, पाण्याचा पेला तोंडाला लावी. तिथे शंकेला जागा नव्हती.

त्या संध्याकाळी मी परड्यात हातपाय धुवायला गेले होते. स्वयंपाकघराची भिंत कुडाची. शेणाने लिंपलेली असली तरी आवाज अडवण्याचे काम तिने कधी अंगावर घेतलेले नव्हते. आत हौसाबाई आणि बबन बोलत होते.

“उद्या म्हातारीची नीट वाट लाव.”

“आन् पोरगी? ती लई चौकस हाय, मावशे. धा सवाल करील.”

“तिला सांगू नगं. म्हनावं, वरची वाट ढासळलीय.”

मी ओंजळीतले पाणी तसेच धरून उभी राहिले. हौसाबाईंची वाक्ये तीन, आणि तिन्ही निःसंदिग्ध. म्हातारीची वाट लावायची, नीट लावायची, मुलीला कळू द्यायचे नाही, खोटे सांगायचे. ‘नीट’ हा शब्द मला सर्वांत भीषण वाटला. कोणाचे काही बिघडवायचे तर माणसे ते रागाच्या भरात बिघडवतात; नीट बिघडवणारी माणसे मी प्रथमच ऐकत होते. हेतू काय असावा? आम्हाला लांबच्या वाटेने नेऊन अडकवायचे? देवीपर्यंत पोचूच द्यायचे नाही? बंगाली आडनावाला आळी देणारा माणूस काहीही करू शकतो, हे तर सिद्धच झाले होते.

आत गेले तेव्हा हौसाबाई अम्माच्या पायांना तेल लावत होत्या. अम्माचे डोळे मिटलेले. हे दृश्यही मला, त्या क्षणी, पुराव्यासारखेच वाटले.

सकाळी बबन मफलर सारखा करीत आला. “ताई, वरची वाट ढासळलीय. आपन गाडीवाटेनं जाऊ. लांब हाय, पर सपाट हाय.”

“कधी ढासळली?”

“राती.”

“रात्री पाऊस नाही, वारा नाही. कशाने?”

बबनने हौसाबाईंकडे पाहिले. हौसाबाईंनी चुलीकडे पाहिले. मी पत्रक उघडून त्यावरचा नकाशा त्याच्यापुढे धरला आणि सांगितले की संस्थेने ज्या वाटेचे वचन दिले आहे त्याच वाटेने आम्ही जाऊ. ढासळलेली असेल तर ढासळलेली पाहू. बँकवाल्यांनी माझी बाजू घेतली, कारण त्यांच्या माहितीप्रमाणे फोटो वरच्या वाटेवरच चांगले येणार होते. अम्माने बूट बांधले. त्या सकाळी पट्टा बांधायचे राहून गेले. भांडणात वेळ गेला होता. “चल की,” ती म्हणाली. एवढेच. त्या दिवसाविषयी विचार करताना मी या दोन शब्दांपाशी अजूनही थांबते. सर्वांत जास्त माहिती त्या अंगणात ज्या व्यक्तीकडे होती, ती सर्वांत कमी बोलली.

वरची वाट ढासळलेली नव्हती. दगड कोरडे, ऊन कोवळे, खाली दरीत धुके भातखाचरांच्या पायऱ्यांवर सांडलेले. मी पुढे चालत होते, आणि माझा संशय खरा ठरल्याचे समाधान, खोटे का बोलावे, प्रत्येक पावलाला वाढत होते. मागे वळले तेव्हा अम्मा एका दगडावर बसली होती. बगळा नव्हता, धबधबा नव्हता, बसण्यासाठी कसलेही निमित्त नव्हते. तिचा चेहरा भाजलेल्या मातीच्या रंगाचा झाला होता आणि ती डावा हात माझ्यापुढे करून, पट्टा बांधण्याची वाट पाहत होती.

एकशे आठ.

“चटणी,” मी म्हणाले. “मी म्हटले होते.”

“चटणी नाही गे,” अम्मा म्हणाली. “मात्रै.”

मात्रै म्हणजे गोळ्या. तिने त्या तीन दिवस घेतल्या नव्हत्या. पेला तोंडाला लावी, गोळी पदराच्या गाठीत. कारण विचारले तेव्हा ती लाजली आणि चिडली. ती गोळी लघवी वाढवते. घरी ठीक आहे. इथे रानात जायचे, तांब्या घेऊन, परक्या बाईला बरोबर घेऊन. एकदा सांगता येते, दोनदा सांगता येते. “तिसऱ्यांदा तिला चुलीवरून कसं उठवू? पाहुणी आहे की शिक्षा आहे मी?” हौसाबाईंनी मात्र तिसरी खेप का थांबली, हे दुसऱ्या दिवशीच ओळखले होते, विचारले होते, आणि अम्माने त्यांना देवीची शपथ घातली होती की वसंतीला कळता कामा नये, कळले तर ती परत फिरवील.

बबन उन्हात उभा राहून सगळे ऐकत होता. आता त्याचा मोठा आवाज बारीक झाला होता. “मावशी म्हनली, म्हातारीची नीट वाट लाव. म्हंजे गाडीवाटेनं घाल, चढ लागू देऊ नको, देवीच्या पायऱ्यांशी नेऊन सोड. मी तेच करत हुतो, ताई. तुमी नकाशा काढलासा.”

अम्मा म्हणाली, “यात न कळण्यासारखं काय होतं? आमच्या घरी रोज म्हणतात.”

“पुण्यात त्याचा अर्थ वेगळा आहे, अम्मा.”

“मग पुण्यात जाताना विचारायचं होतंस, घरचं काय काय टाकून यायचं ते.”

माझ्या तर्कात दोष नव्हता. ऐकलेली वाक्ये बरोबर होती, खोटे ओळखले ते बरोबर होते, बबनवर विश्वास ठेवू नये हेही, माझ्या मते, आजही बरोबर आहे; चूक फक्त एका शब्दाला दिलेल्या मूल्यात होती, आणि ते मूल्य माझ्याच घरी चोवीस वर्षे मला फुकट मिळत होते. मी ते परत केले होते. संशय घेणाऱ्याने स्वतःच्या शिक्षणावरही कधीतरी तो घ्यायला हवा. पण शिक्षण आपल्याला जो संशय शिकवते त्यात स्वतःला मात्र मोठ्या चतुराईने वगळते.

बँकवाले पुढे गेले. आम्ही तिघे, दर दहा पावलांना बसत, हौसाबाईंच्या घरी उतरलो. त्यांनी दारातच अम्माच्या हातात गोळी ठेवली, पेला दिला, आणि गिळून झाल्यावर तोंड उघडायला लावले, गाईला औषध पाजल्यावर पाहतात तसे. नंतर माझ्याकडे वळून म्हणाल्या, “तुला सांगितलं असतं तर तू काय केलं असतंस?”

“परत नेले असते.”

“बघ.”

तो दिवस आणि ती रात्र अम्मा पेंढ्याखालच्या उबेत झोपून होती. उठावेसे वाटले की ती हाक मारी, हौसाबाई चुलीवरून तडक उठत, आणि दोघी तांब्या घेऊन बांधाआड जात. परत येताना त्यांचे हसणे आधी ऐकू येई. मीही एकदा उठले, मी येते म्हणून. अम्मा म्हणाली, “तू नको. तू आकडा विचारशील.” हौसाबाईंचे हसू थांबेना.

शेवटच्या सकाळी अंगणात बैलगाडी जुंपलेली होती. बबनने गाडीत घोंगडी अंथरली होती आणि रस्ता कसा आहे याविषयी या वेळी तो काहीच बोलला नाही. पुण्याची बस संध्याकाळची. त्याआधी एक तर गाडीवाटेने देवी, नाही तर खालच्या वाटेने परत. डॉक्टरांची अट सगळ्यांना तोंडपाठ झाली होती. हौसाबाई तर शंभर हा आकडा एखाद्या कजाग नणंदेचे नाव घ्यावे तसा उच्चारत. अम्मा ओट्यावर बसली. मी डाव्या हाताला पट्टा बांधला, फुगा दाबला, काटा वर गेला.

“खरं सांग हं, वसंती,” अम्मा म्हणाली.

मी वर पाहिले. ती माझ्याकडे ज्या नजरेने पाहत होती ती मला ओळखीची होती. चार दिवस मी त्याच नजरेने चटणीकडे, पेंढ्याकडे, बबनकडे पाहत आले होते.

“म्हणजे?”

“आकडा तुलाच दिसतो. तुला मला घरी न्यायचं असलं तर तू काहीही सांगशील.”

“लेकीच्या तोंडाकडं बघू नगा, अक्का,” हौसाबाई म्हणाल्या, “काट्याकडं बघा.”

“काटा मला काय कळतो?”

आणि ते खरे होते. त्या अंगणात तबकडी वाचता येणारी मी एकटीच होते. एकशे चार म्हटले असते तर बैल सोडले गेले असते, अम्मा रात्रीपर्यंत सुरक्षित बसमध्ये असती, मी निश्चिंत असते, आणि कोणालाही, कधीही, काहीही सिद्ध करता आले नसते. हा विचार माझ्या मनात आला नाही असे मी म्हणणार नाही; तो आला, आणि चांगला ऐसपैस बसला. अम्माचा संशय शंभर टक्के साधार होता.

मी हवा सोडून दिली. पट्टा काढला. अम्माला खाली सरकायला सांगितले, तिच्या मागे जाऊन बसले, पट्टा पुन्हा बांधला, तबकडी तिच्या मांडीवर ठेवली आणि ऐकण्याच्या नळीची टोके तिच्याच कानांत घातली. “ठक ठक ऐकू येईल,” मी म्हणाले. “ते थांबेल तेव्हा बोट उचल. काटा कुठे आहे ते हौसाबाई दाखवतील. मी फक्त वाचीन.” फुगा मी दाबला. काटा वर गेला, थरथरला, सावकाश उतरू लागला. अम्माचे ओठ ठोक्यांबरोबर हलत होते. काटा शंभरापाशी आला. तिचे बोट खालीच होते. काटा शंभराखाली गेला. हौसाबाईंनी पदर तोंडात धरला. मग अम्माने बोट उचलले, हौसाबाईंनी काचेवर नख टेकवले, आणि मी वाकून मोठ्याने वाचले:

ब्याण्णव.